गुणांना देह देताना

प्रिय विद्यार्थिमित्रास,
अनेक आशीर्वाद.

‘न्याय’ या विषयावरची तुझी रेखाटने मिळाली. तराजू, तलवार, डोळ्यांवरची पट्टी, पायाखाली साप, शेजारी ग्रंथ, असे सगळे त्यांत आहे. परंतु या वस्तू एकेक करून काढून घेतल्या, तर मागे जी स्त्री उरते तिच्या उभे राहण्यात न्यायाचे काहीच नाही. तिच्या हाती कणसे दिली तर ती समृद्धी होईल आणि जहाजाचा नांगर दिला तर आशा. अमूर्त गुणाचे शिल्प करताना कल्पना आधी देहात उतरली पाहिजे आणि चिन्ह नंतर आले पाहिजे, असे माझे स्पष्ट मत आहे.

चिन्हांना मी कमी लेखत नाही. चेझारे रिपा यांचा ‘इकोनोलोजिया’ हा ग्रंथ १५९३ मध्ये रोममध्ये निघाला, १६०३ च्या आवृत्तीत त्याला चित्रांची जोड मिळाली, आणि पुढे कित्येक पिढ्या युरोपातले कलावंत कोणत्या गुणाच्या हाती काय द्यायचे ते त्यात पाहत राहिले. तो जरूर चाळ, पण त्यावर विसंबू नकोस. लंडनच्या ओल्ड बेली न्यायालयाच्या घुमटावर पॉमरॉय यांनी घडवलेल्या न्यायदेवतेच्या डोळ्यांवर पट्टी नाही, तरी ती ओळखण्यात कोणाची चूक होत नाही; एका हाती तलवार आणि दुसऱ्या हाती तराजू धरून तिने दोन्ही बाहू असे आडवे, ताठ पसरले आहेत की तिचा देहच तराजूची दांडी झाला आहे.

त्याहून सूक्ष्म काम पाहायचे असेल, तर अथेन्सच्या केफिसोडोटसने इसवी सनपूर्व चौथ्या शतकात घडवलेली ‘शांती’ पाहा. मूळ कांस्यमूर्ती नष्ट झाली आहे. रोमन काळातली संगमरवरी प्रतिकृती म्युनिकच्या संग्रहालयात आहे. शांतीच्या कडेवर ‘संपत्ती’ हे तान्हे मूल आहे. ते तिच्याकडे झेपावते आणि तिची मान किंचित त्याच्याकडे कलते. संपत्ती वाढायची तर शांतीने तिला सांभाळावे लागते, हा सगळा विचार त्या एका कललेल्या मानेत आहे.

सतराव्या शतकातले इटालियन शिल्पकार बेर्निनी यांच्या ‘सत्य’ या स्त्रीमूर्तीकडे मात्र थोडे सावधपणे पाहा. रोमच्या सेंट पीटर्स चर्चवर त्यांनी उभारलेला घंटामनोरा, दर्शनी भागाला तडे गेल्यानंतर, पाडण्याचा निर्णय झाला आणि त्यांच्यावर टीकेची झोड उठली. त्या काळात, १६४६ ते १६५२ दरम्यान, कोणाच्याही मागणीवाचून त्यांनी हे शिल्प घडवले. हातात सूर्य आहे, पायाखाली पृथ्वीचा गोल आहे. वरून झेपावत येऊन वस्त्र दूर करणारा ‘काळ’ त्यांच्या योजनेत होता, पण तो कधीच कोरला गेला नाही, त्यामुळे आज ते वस्त्र कोणाच्याही हातावाचून उचलले जाते. तिचे हसू मला जरा अधिकच वाटते (या बाबतीत माझ्याशी भांडणारे पुष्कळ आहेत), परंतु अंग चोरण्याचा लवलेशही नसलेली तिची बैठक अशी आहे की सूर्य काढून घेतला तरी ती सत्यच राहील.

नेपल्सच्या सान्सेव्हेरो चॅपेलमध्ये क्वेइरोलो यांचे ‘भ्रमनिरास’ आहे. जाळ्यात सापडलेला माणूस डोक्यावरचे जाळे दूर सारतो आहे, पण बाकीचा देह अजून गुंतलेलाच आहे. जाळ्याची गाठ न्‌ गाठ संगमरवरात कोरलेली असून ते जागोजागी अंगापासून सुटे आहे. कारागिरीनेच दिपून जाऊ नकोस. इथे चिन्ह हातात धरलेले नाही, देह त्याच्याशी झुंजतो आहे, हे नीट बघ.

आता कागद बाजूला ठेवून माती घे. न्याय नेमके काय करतो, ऐकतो, तोलतो, की उगारलेला हात थोपवतो, हे आधी ठरव आणि त्या क्रियेचे वीतभर उंचीचे तीन-चार नमुने रिकाम्या हातांनी कर. छायाचित्रे पाठवशील तेव्हा पाठीमागूनही काढ. चिन्हे बहुधा पुढच्या बाजूला असतात, त्यामुळे पाठ आणि टाचा पाहिल्या की देहाने किती काम केले आहे ते मला लगेच कळेल.

तुझा हितचिंतक