गेमच्या नको असलेल्या सूचना कशा थांबवाव्यात

संगणकावर गेमची पुढची सूचना आली की घाईने बंद करू नका, आधी नीट वाचा. तिच्यावर क्रोम किंवा एजचं नाव आणि एखाद्या साइटचा पत्ता दिसला, तर ती गेमकडून नाही, ब्राउझरकडून येतेय. बहुतेकांचं दुखणं इथेच असतं. कधीतरी एखाद्या साइटने परवानगी मागितलेली असते, आपण 'अलाऊ' दाबून मोकळे होतो, आणि मग ती साइट उघडी नसतानाही जाहिराती येत राहतात. क्रोमच्या सेटिंग्जमध्ये प्रायव्हसी अँड सिक्युरिटी, तिथून साइट सेटिंग्ज, मग नोटिफिकेशन्स असं जा. परवानगी दिलेल्या साइटची यादी दिसेल, त्यातली अनोळखी नावं बिनधास्त काढून टाका. अशी परवानगी मागण्यावरच बंदी घालायची सोयही तिथेच आहे. नवख्या माणसाने ती घालावीच, असं माझं ठाम मत आहे.

नाव स्टीमसारख्या लाँचरचं (म्हणजे गेम उतरवून चालू करून देणाऱ्या प्रोग्रामचं) असेल, तर त्याच्याच सेटिंग्जमध्ये नोटिफिकेशन्स बंद करा. शिवाय कंट्रोल, शिफ्ट आणि एस्केप एकदम दाबून टास्क मॅनेजर उघडा आणि स्टार्टअपच्या यादीत तो लाँचर डिसेबल करा. गेम कुठेही जात नाहीत, फक्त संगणक सुरू होताच लाँचर आपोआप उघडत नाही. सूचना विंडोजच्या गेम बारची (गेम खेळताना पडद्यावर येणाऱ्या पट्टीची) असेल, तर सेटिंग्जमधला गेमिंग विभाग पाहा.

एवढं करूनही खिडक्या उघडतच असतील, तर ब्राउझरमधली एक्स्टेन्शन्स (त्याला जोडलेले छोटे जादा प्रोग्राम) एकेक बंद करून बघा. 'व्हायरस सापडला, या नंबरवर फोन करा' असं आलं, तर कृपा करून फोन करू नका, आणि ते सुचवतील ते सॉफ्टवेअरही उतरवू नका.