वाचकांचे प्रश्न : नोटेवरची गायिका

प्रश्न : चेक प्रजासत्ताकाच्या २००० कोरुनाच्या नोटेवर एमा देस्तिनोव्हा यांचे चित्र आहे. जुन्या ग्रामोफोन तबकड्यांच्या याद्यांमध्ये मात्र एमी डेस्टिन असे नाव आढळते. या दोघी एकच का? आणि एखाद्या ऑपेरा गायिकेला चलनी नोटेवर स्थान मिळावे, असे तिचे कर्तृत्व काय?

उत्तर : दोघी एकच, मात्र या दोहोंपैकी एकही त्यांचे जन्मनाव नव्हे. २६ फेब्रुवारी १८७८ रोजी प्रागमध्ये जन्मलेली ही मुलगी एमिली कित्लोव्हा या नावाने वाढली, लहानपणी व्हायोलिन शिकली आणि पुढे मारी ल्योवे-डेस्टिन यांच्याकडे गाण्याची तालीम घेऊ लागली. रंगमंचावर पाऊल ठेवताना तिने आपल्या गुरूचेच आडनाव लावले. गुरूचे ऋण मानणारे शिष्य पुष्कळ असतात, पण ते ऋण जाहिरातफलकावर, तबकडीवर आणि अखेर देशाच्या नोटेवर छापले जाण्याचा योग विरळाच म्हणायचा.

प्रागच्या राष्ट्रीय नाट्यगृहाने या तरुण गायिकेला घेतले नाही, म्हणून पदार्पण बर्लिनमध्ये झाले. जुलै १८९८ मध्ये, वयाच्या विसाव्या वर्षी, मास्कान्यीच्या ‘कावालेरिया रुस्तिकाना’मधील सांतुझ्झाची भूमिका त्यांनी केली आणि लगेच तिथल्या राजदरबारी ऑपेराने त्यांना करारबद्ध केले. पुढची दहा वर्षे बर्लिन हेच त्यांचे मुख्य ठिकाण राहिले. १९०१ मध्ये जर्मनीतील बायरॉइटच्या, वाग्नरच्याच ऑपेरांना वाहिलेल्या महोत्सवात त्याचे ‘उडता डचमन’ प्रथमच सादर झाले, तेव्हा नायिका सेंटा त्याच होत्या. १९०६ मध्ये रिचर्ड श्ट्राउसचे ‘सालोमे’ बर्लिनला आले, तेव्हा शीर्षकभूमिकाही त्यांच्याकडे आली. लंडनमध्ये १९०५ साली ‘मादाम बटरफ्लाय’ पहिल्यांदा झाले ते त्यांच्या आणि विख्यात इटालियन टेनॉर (उंच पट्टीचा पुरुष आवाज) एन्रिको कारुसोच्या जोडीने. सोप्रानो म्हणजे स्त्रियांमधील सर्वात उंच पट्टीचा आवाज. त्यातही वाग्नरचा भरगच्च वाद्यवृंद आणि पुच्चिनीची हळवी स्वरवाक्ये या दोन्हींना पुरे पडणारे गळे थोडे असतात, आणि त्यांची मागणी या दुर्मिळ गुणामुळेच होती, असे मला वाटते.

नोव्हेंबर १९०८ मध्ये न्यू यॉर्कच्या मेट्रोपॉलिटन ऑपेरात त्या ‘आयदा’ म्हणून उभ्या राहिल्या. समोर कारुसो होते आणि संचालनाला तोस्कानिनी, ज्यांचे त्या रंगमंचावरील पदार्पणही त्याच रात्री झाले. त्याच हंगामात, फेब्रुवारी १९०९ मध्ये, गुस्ताव माहलरच्या संचालनाखाली स्मेतानाचे ‘विकलेली वधू’ तिथे प्रथम रंगले. नायिका प्रागची, संचालकही बोहेमियात, म्हणजे आजच्या चेक प्रजासत्ताकाच्या पश्चिम भागात, जन्मलेला, कथा चेक खेड्यातली आणि भाषा मात्र जर्मन. त्या काळी चेक ऑपेराला परदेशात असेच उसन्या कपड्यांत हिंडावे लागे. १० डिसेंबर १९१० रोजी पुच्चिनीच्या ‘ला फान्च्युल्ला देल वेस्ट’चा जगातील पहिला प्रयोग मेट्रोपॉलिटनमध्ये झाला. त्यातली मिनी, म्हणजे खाणकामगारांच्या वस्तीत मद्यालय चालवणारी, पिस्तूल बाळगणारी आणि प्रियकराच्या प्राणांसाठी पत्त्यांत लबाडी करणारी नायिका, सर्वप्रथम साकारली ती त्यांनी.

प्रश्न : पहिल्या महायुद्धात त्यांची कारकीर्द खंडित झाली, असे वाचले. नेमके काय घडले?

उत्तर : दक्षिण बोहेमियातील स्त्राश नाद नेझार्कोउ या गावातला वाडा त्यांनी १९१४ मध्ये विकत घेतला होता. १९१६ मध्ये त्या अमेरिकेतून मायदेशी परतल्या, तेव्हा बोहेमिया ऑस्ट्रिया-हंगेरीच्या सत्तेखाली होता. चेक स्वातंत्र्यासाठी झटणाऱ्या गटांशी संबंध असल्याच्या संशयावरून अधिकाऱ्यांनी त्यांचे पारपत्र काढून घेतले आणि त्यांना त्या वाड्यावरच स्थानबद्ध केले. त्यांचे सहगायक आणि जीवनसाथी, अल्जीरियात जन्मलेले फ्रेंच बॅरिटोन (मध्यम पट्टीचा पुरुष आवाज) दीन जिली, हे तर शत्रुराष्ट्राचे नागरिक. तेही युद्धकाळात नजरकैदेत होते.

आपण विचारलेल्या नावाचा उलगडाही इथेच होतो. या काळापासून ‘एमी डेस्टिन’ मागे पडले आणि आडनावाला चेक स्त्रीलिंगी प्रत्यय जोडून ‘एमा देस्तिनोव्हा’ पुढे आले. जर्मन वळणाच्या नावाला चेक व्याकरणात बसवणे ही तेव्हा निव्वळ भाषेची बाब नव्हती.

युद्धानंतर, १९१९ मध्ये, त्या मेट्रोपॉलिटनला परतल्या खऱ्या. परंतु तीन हंगामांचा खंड गायिकेला महाग पडतो, आणि मधल्या काळात रोझा पॉन्सेलसारखा ताजा, समृद्ध आवाज त्याच रंगमंचावर रुजला होता. १९२१ पर्यंत ते पर्व आटोपले. उरलेली वर्षे बहुतांशी वाड्यावर गेली, तिथे त्या लेखन करीत आणि तासन्‌तास मासे पकडत बसत. १९२३ मध्ये त्यांनी एका हवाईदल अधिकाऱ्याशी विवाह केला. २८ जानेवारी १९३० रोजी चेस्के बुद्येयोवित्से येथे त्यांचे निधन झाले. प्रागच्या विशेह्राद दफनभूमीत, राष्ट्रीय मान्यवरांसाठीच्या स्लाविन या सामाईक समाधीत, त्यांना स्थान मिळाले.

प्रश्न : त्यांची काही ध्वनिमुद्रणे ऐकली. आवाज पातळ आणि लांबून आल्यासारखा वाटतो. कीर्ती अतिशयोक्त तर नाही?

उत्तर : दोष यंत्राचा आहे. मायक्रोफोनने ध्वनिमुद्रण १९२५ च्या सुमारास सुरू झाले. त्याआधी गायिका एका मोठ्या कर्ण्यासमोर उभी राहून गात असे, तिच्या आवाजाने पडदा थरथरे आणि त्याला जोडलेली सुई मेणाच्या चकतीवर चरा कोरत जाई. खालच्या स्वरांना कर्ण्याच्या तोंडाशी जायचे, वरचा स्वर जोरात लागणार असेल तर त्याआधी मागे सरायचे, नाहीतर सुई उडून चकती वाया. अभिनयासाठी ख्यात असलेल्या गायिकेने या कवायतीत नाट्य आणायचे तरी कसे? शिवाय मूळ स्वरासोबत उमटणारे उंच कंपनांचे उपस्वर त्या कर्ण्यात शिरतच नसत, आणि सोप्रानोचे तेज नेमके त्यांतच असते. कारुसोचा टेनॉर त्या यंत्राला मानवला, स्त्रियांचे आवाज तितके मानवले नाहीत, याचे एक कारण हेच. आणखी एक गोष्ट तपासावी : तेव्हा तबकड्यांची गती निश्चित नसे, आणि चुकीच्या गतीने वाजवलेली तबकडी पट्टीबरोबर आवाजाची जातही बदलून टाकते.

माझी सूचना अशी, की एकल गाणी बाजूला ठेवून आपण कारुसोबरोबरचे १९१४ चे, गोमेसच्या ‘इल ग्वारानी’मधील युगुलगीत आधी ऐकावे. कारुसोचा आवाज कानाला सवयीचा असल्याने कर्ण्याने काय गिळले, याचा अंदाज येतो, आणि मग त्याच्या शेजारी उभी असलेली गायिका किती सहजपणे त्याला पुरून उरते, ते कळते.