वाचक विचारतात: नेरुळच्या खाली काय होतं?

प्रश्न: आम्ही नेरुळला राहतो. सासरे म्हणतात इथे सगळी भातशेती आणि मिठागरं होती, खरंय का? आणि ते साडेबारा टक्के काय असतं?

उत्तर: सासरे बरोबर बोलतायत. १९७० ला सिडको (नवी मुंबई वसवणारी सरकारी कंपनी) आली आणि तेव्हाच्या ठाणे-कुलाबा (आताचा रायगड) जिल्ह्यातल्या ९५ गावांची जमीन नवी मुंबईसाठी घ्यायचं ठरलं. खाडीचं खारं पाणी अडवायला बांध घालून लोक भात काढायचे, तिथेच भराव पडून सेक्टर उभे राहिले. मोबदला तुटपुंजा (हे तर नेहमीचंच), म्हणून १९८४ ला शेतकऱ्यांचे नेते दि. बा. पाटलांच्या नेतृत्वाखाली उरणजवळच्या जासईला आंदोलन पेटलं, पोलिसांच्या गोळीबारात पाच जण गेले, त्यानंतर कुठे घेतलेल्या जमिनीच्या साडेबारा टक्के डेव्हलप केलेला प्लॉट शेतकऱ्याला परत द्यायची स्कीम निघाली. त्यातले बरेच प्लॉट शेवटी बिल्डरकडेच गेले म्हणा.