‘बसतील’ असं आधी कोण म्हणालं?

कांदिवलीच्या एका वाचकाचं पत्र आलं आहे. याच धर्तीची पत्रं दर पावसाळ्यात येतात, म्हणून उत्तर सगळ्यांसाठी देतो. २०२४च्या दसऱ्याला, म्हणजे १२ ऑक्टोबरला, त्यांनी ठाण्याच्या एका दुकानातून आपल्या छोट्या हॅचबॅकला टायरसकट चार अलॉय व्हील्स बसवून घेतली, ६२ हजारांना. पहिल्याच आठवड्यात मागे माणसं बसली की टायर घासू लागले आणि ऐंशीच्या पुढे स्टिअरिंग थरथरू लागलं. दुकानदार ‘चालवून बघा, सेट होईल’ एवढंच म्हणत राहिला. जुलै २०२५मध्ये पश्चिम द्रुतगती महामार्गावर खड्ड्यात चाकाला तडा गेला, टायर फुटला आणि गाडी दुभाजकाला घासली. दुरुस्तीला ४८ हजार लागले. विमा कंपनीने चाकं मूळ मापाची नव्हती म्हणून दावा फेटाळला आणि गाडीच्या कंपनीने व्हील बेअरिंगची वॉरंटी नाकारली. वाचक विचारतात, तिघांवरही केस करू का? आणि त्यासाठी ठाण्याला खेटे घालावे लागतील का?

तुमच्या पत्राची तीन पानं दुकानदाराच्या उर्मटपणावर खर्च झाली आहेत. ज्याच्यावर तुमची केस उभी राहील किंवा पडेल तो मुद्दा शेवटून दुसऱ्या ओळीत आहे: घेण्याआधी तुम्ही व्हॉट्सॲपवर गाडीचा फोटो आणि मॉडेल पाठवून ‘या गाडीला १६ इंची बसतील का?’ असं विचारलं होतं, त्यावर ‘एकदम फिट, टेन्शन नाही’ असं उत्तर आलं होतं, पण तो फोन पडून फुटला आणि आता कपाटात बंद आहे. जवळपास दोन वर्षं तुम्ही दुकानाच्या चकरा मारल्या, मालकाच्या भावाशी भांडलात आणि तो फोन मात्र दुरुस्त केला नाहीत. हे पत्र वाचून झालं की आधी तो फोन घेऊन चांगल्या रिपेअरवाल्याकडे जा. नोटीस, ग्राहक आयोग, विमा हे सगळं त्यानंतर.

एवढी घाई का, ते सांगतो. मालविक्री अधिनियम, १९३०चं कलम १६ म्हणतं की विकलेला माल एखाद्या कामासाठी योग्य असेल अशी हमी विक्रेत्यावर आपोआप येत नाही. ती येते तेव्हा, जेव्हा खरेदीदाराने माल कशासाठी हवा ते विक्रेत्याला सांगितलेलं असतं, तो विक्रेत्याच्या जाणकारीवर विसंबलेला असतो आणि तसा माल विकणं हाच विक्रेत्याचा धंदा असतो. त्याच पोटकलमाला एक परंतुक, म्हणजे अपवाद, आहे. ठरावीक वस्तू तिच्या पेटंट किंवा व्यापारी नावाने मागून घेतली, तर योग्यतेची ही हमी गृहीत धरली जात नाही. ‘मला हेच डिझाइन, याच ब्रँडचं, सोळा इंची द्या’ असं तुम्ही म्हणाला असाल, तर दुकानदाराचा वकील या परंतुकावर उभा राहील आणि माप बघणं तुमचं काम होतं असं म्हणेल. ‘या गाडीला बसतील का?’ असं विचारलं असेल, तर तुम्ही त्याच्या जाणकारीवर विसंबला होतात. दोन्हींतला फरक तुमच्या त्या एका मेसेजमध्ये आहे, आणि तो मेसेज बंद फोनमध्ये आहे.

वेळही बघा. तुम्ही लिहिता की मेसेज सकाळी झाले आणि यूपीआयने पैसे दुपारी गेले. हे सोन्यासारखं आहे. बिलावर ‘फिटमेंट ग्राहकाच्या जबाबदारीवर’ असं छापलंय, त्याला उत्तर इथेच मिळतं. अशी गर्भित, म्हणजे न बोलता लागू होणारी, हमी स्पष्ट कराराने वगळता येते हे खरं, कलम ६२ तशी मुभा देतं. पण करार झाला आश्वासन आणि पैसे यांच्या वेळी. बिल हातात पडलं चाकं बसल्यावर. सौदा पुरा झाल्यावर दिलेल्या कागदावरची छापील ओळ मागे जाऊन आश्वासन पुसू शकत नाही, असा युक्तिवाद तुम्हाला करता येईल. त्यासाठी बँकेच्या स्टेटमेंटवरची वेळ आणि मेसेजची वेळ शेजारी शेजारी ठेवता आली पाहिजे. नुसता स्क्रीनशॉट पुरेसा धरू नका. संपूर्ण संवाद एक्सपोर्ट करा, मूळ फोन जपा, आणि भारतीय साक्ष्य अधिनियम, २०२३च्या कलम ६३ खालचं प्रमाणपत्र तयार ठेवा. त्याचा एक भाग तुम्ही भरायचा, दुसरा तज्ज्ञाने. ग्राहक आयोग पुराव्याच्या नियमांना दिवाणी न्यायालयाइतका चिकटून चालत नाही, पण समोरच्या वकिलाला आक्षेपाची जागा ठेवू नये. फोन कायमचाच गेला असेल, तर क्लाउड बॅकअप शोधा.

आता माल अयोग्य होता हे दाखवायचं. ‘घासतंय, थरथरतंय’ एवढ्याने भागणार नाही. तुम्ही पाठवलेल्या फोटोंतच आकडे आहेत, ते नोटिशीत घाला. गाडीच्या पुस्तिकेप्रमाणे मूळ टायर १८५/६५ आर १५, रिम साडेपाच इंच रुंद, ऑफसेट (चाक गाडीला जिथे टेकतं ती बाजू रिमच्या मध्यरेषेपासून किती मिलिमीटर बाहेर आहे ते माप) ४५. बसवलेला टायर २०५/६० आर १६, रिम सात इंच रुंद, ऑफसेट ३५. मूळ टायरचा एकूण व्यास सुमारे ६२१ मिलिमीटर येतो आणि नव्याचा ६५२. म्हणजे चाक जवळपास पाच टक्क्यांनी मोठं, आणि स्पीडोमीटर ८० दाखवत असताना गाडी ८४च्या आसपास धावत होती. रिम दीड इंच रुंद आणि ऑफसेट दहाने कमी, याचा हिशोब केला तर रिमची बाहेरची कड सुमारे २९ मिलिमीटर बाहेर आली आणि आतली कड ९ मिलिमीटर आत सरकली. मागे तीन माणसं बसून गाडी दबली की टायर का घासतो, ते यात आलं.

थरथरीचं कारण बहुधा वेगळं आहे. गाडीच्या हबचा, म्हणजे चाक ज्यावर बसतं त्या मधल्या भागाचा, व्यास ५४.१ मिलिमीटर आणि या चाकाचं मधलं भोक ७३.१. बाजारातली बरीच अलॉय अशीच येतात, म्हणजे एकच चाक अनेक गाड्यांना विकता येतं. बोल्टची भोकंही दोन मापांची पाडलेली असतात, तुमच्या फोटोत आठ दिसतात ती त्यामुळे. अशी चाकं बसवायची, तर मधली पोकळी भरून काढणाऱ्या हब रिंग लागतात. तुमच्या चाकांना त्या लावलेल्याच नाहीत. बिलात त्यांचा उल्लेख नाही आणि फोटोतही दिसत नाहीत. ग्राहक संरक्षण अधिनियम, २०१९च्या कलम ८६ प्रमाणे वस्तू जोडताना किंवा तपासताना वाजवी काळजी न घेणारा विक्रेताही हानीसाठी जबाबदार ठरू शकतो. या हब रिंगचा मुद्दा तिथे नेमका बसतो.

हे सगळं एखाद्या मेकॅनिकल इंजिनीअरकडून किंवा परवानाधारक सर्व्हेअरकडून मोजून, फोटोसह लेखी घ्या. तडा गेलेलं चाक कुर्ल्याच्या भंगारवाल्याने मागितलंय असं लिहिलं आहात. देऊ नका. वस्तूत दोष असल्याचा आरोप चाचणीशिवाय ठरवता येत नसेल, तर ग्राहक संरक्षण अधिनियमाच्या कलम ३८ खाली आयोग नमुना सीलबंद करून प्रयोगशाळेकडे पाठवतो. चाकच नसेल तर पाठवणार काय?

आता तुमच्या उशिराबद्दल. माल घेऊन, तो वापरून, वाजवी वेळ उलटून गेल्यावरही नाकारला नाही, तर तो स्वीकारला असं मालविक्री अधिनियमाचं कलम ४२ धरतं. मग कलम १३ प्रमाणे माल परत करून पैसे मागण्याचा हक्क सहसा जातो आणि नुकसानभरपाईचा उरतो. तुम्ही नऊ महिने त्याच चाकांवर गाडी चालवलीत. पहिल्या आठवड्यात ‘घासतंय’ म्हणून मेसेज केलात हे बरं झालं, पण ‘चाकं परत घ्या’ असं एकदाही लेखी म्हटलं नाहीत. ते म्हटलं असतं तर हक्काचं होतं: बिलात मुदत दिली नसेल तर ३० दिवसांत सदोष माल परत घ्यायला नकार देणं ही ग्राहक कायद्यात अनुचित व्यापारी प्रथा आहे. आता मागणी अशी मांडा: मुख्य मागणी भरपाईची, पर्यायी मागणी परताव्याची. ग्राहक आयोगाकडे परतावा देण्याचा स्वतंत्र अधिकार आहे, त्यामुळे पर्याय सोडायचा नाही.

ग्राहक आयोगात तक्रार करण्याची मुदत दोन वर्षांची, ग्राहक संरक्षण अधिनियमाचं कलम ६९. तुम्ही ती अपघातापासून, म्हणजे जुलै २०२७पर्यंत मोजली आहे. तसं मोजू नका. पहिल्या आठवड्यातली तक्रार तुमच्याच मेसेजमध्ये आहे, तेव्हा दोष तेव्हाच कळला होता असं समोरचा म्हणणार. १२ ऑक्टोबर २०२६च्या आधी तक्रार दाखल झालीच पाहिजे. नोटिसा आणि ‘बघतो’ची उत्तरं यांनी मुदत वाढत नाही. उशीर माफ होऊ शकतो, पण दुकानदाराच्या गोड बोलण्यावर विश्वास ठेवला हे सबळ कारण म्हणून चालेल याची खात्री मी देणार नाही.

ठाण्याला जायची गरज नाही. तक्रारदार राहतो तिथल्या जिल्हा आयोगात तक्रार करता येते, म्हणजे तुमच्यासाठी वांद्रे पूर्वेचा मुंबई उपनगर जिल्हा आयोग. ई-जागृती पोर्टलवर घरबसल्या दाखल होते आणि मालासाठी दिलेला मोबदला पाच लाखांपर्यंत असेल तर शुल्क नाही. आधी स्पीड पोस्टने १५ दिवसांची नोटीस द्या. छापील अटीला ‘अनुचित करार’ म्हणून आव्हान देण्याचा मोह टाळा. ती तक्रार राज्य आयोगाकडे जाते आणि तुमची साधी केस तिथल्या रांगेत अडकेल. तशीही कायद्यात चाचणी लागणाऱ्या तक्रारीसाठी पाच महिने लिहिलेत आणि लोक वर्षानुवर्षं तारखा घेतात. आयोगातली रिकामी पदं भरायची नाहीत, तारखा द्यायच्या, आणि कायद्याने दिलेल्या मुदतीचा कागद ग्राहकाच्या हातात तसाच राहतो. याचा मला मनापासून राग आहे. म्हणून तक्रार आखूड ठेवा आणि पहिल्याच दिवशी सगळी कागदपत्रं जोडा.

बाकीच्या दोघांबद्दल मी एवढं ठामपणे बोलणार नाही. गाडीच्या कंपनीला सोडून द्या. तिने न दिलेल्या चाकांमुळे बेअरिंग गेलं असण्याची शक्यता तुमचाच अहवाल दाखवणार आहे. विमा कंपनीचं उत्तर मात्र पडताळण्यासारखं आहे. बदल न कळवणं ही अटीची मोडतोड असू शकते, पण अपघात चाकांमुळे झाला की खड्ड्यामुळे, हा वेगळा प्रश्न. अटभंग असूनही दाव्याच्या ७५ टक्क्यांपर्यंत रक्कम देण्याचा मार्ग सर्वोच्च न्यायालयाने २०१० साली एका प्रकरणात मान्य केला होता. तो गाडी भाड्याने दिल्याचा विषय होता, तेव्हा तो इथे लागू होईलच असं नाही. विमा लोकपालाचं, म्हणजे विम्याच्या तक्रारी ऐकणाऱ्या अधिकाऱ्याचं, कार्यालय सांताक्रूझ पश्चिमेला आहे. आधी कंपनीला लेखी तक्रार करावी लागते, आणि तिच्या अंतिम नकारानंतर एका वर्षात लोकपालाकडे जावं लागतं. त्याच विषयावर ग्राहक आयोगात प्रकरण चालू असेल तर लोकपाल ते घेत नाही. म्हणून विमा कंपनीला दुकानदाराच्या तक्रारीत ओढू नका.

खड्ड्याबद्दल महापालिकेकडून काही मिळेल का, असंही विचारलं आहे. मुंबई उच्च न्यायालयाने ऑक्टोबर २०२५मध्ये ठरवलेली भरपाई खड्ड्यांमुळे झालेल्या मृत्यू आणि दुखापतींसाठी आहे. तुमचं नुकसान गाडीचं आहे. दुकानदार मात्र दोष खड्ड्यावरच ढकलणार, म्हणून दुरुस्तीचे ४८ हजार मिळण्यापेक्षा चाकांच्या पैशातला काही भाग मिळणं मला जास्त शक्य वाटतं.

राहिली नवी चाकं, कारण गाडी सध्या स्टेपनीवर उभी आहे म्हणता. मूळ १५ इंचीच घ्या. ड्रायव्हरच्या दाराच्या चौकटीवर किंवा पुस्तिकेत माप असतं, त्याबाहेर जाऊ नका. मोटार वाहन अधिनियमाचं कलम ५२ गाडी उत्पादकाच्या मूळ तपशिलाबाहेर बदलू देत नाही आणि कलम १८२-अ मध्ये अशा प्रत्येक बदलाला पाच हजार रुपये दंड किंवा सहा महिन्यांपर्यंत कैद किंवा दोन्ही आहे. निव्वळ एक इंचाने मोठी रिम त्यात येते का, यावर दोन्ही बाजूंनी बोलता येईल, पण सध्या तुम्हाला आणखी एक वाद नको आहे. सोळा इंचीच हवी असेल, तर १९५/५५ आर १६चा व्यास मूळच्या अगदी जवळ येतो. पण त्या मापाचा लोड इंडेक्स ८७ असू शकतो, म्हणजे टायरमागे ५४५ किलो. मूळ टायरवर ८८, म्हणजे ५६० किलो असेल, तर तोही विचार करा.

आणि या वेळी पैसे देण्याआधी दुकानदाराकडून बिलावर चार गोष्टी लिहून घ्या: गाडीचं मॉडेल आणि वर्ष, नोंदणी क्रमांक, टायर-रिमचं पूर्ण माप ऑफसेट आणि हबच्या व्यासासह, आणि ‘या गाडीसाठी योग्य’ हे शब्द. लिहायला तयार नसेल तर दुसरं दुकान बघा. नोटिशीचा मसुदा, एक्सपोर्ट केलेला संवाद आणि यूपीआयची नोंद एकत्र करून कोणत्याही वकिलाला दाखवा, एका बैठकीचं काम आहे. फक्त सप्टेंबर उजाडायच्या आत.