तेरा चंद्रांचं कॅलेंडर आणि बीपीची गोळी

प्रश्न: ताई नमस्कार. माझ्या मोठ्या जाऊबाई वर्षभरापासून एका ऑनलाइन ग्रुपमध्ये आहेत, तिथे माया (मध्य अमेरिकेतले प्राचीन लोक) कॅलेंडरवरून हीलिंग शिकवतात. जन्मतारखेवरून प्रत्येकाला एक किन म्हणजे 260 दिवसांच्या चक्रातला दिवस मिळतो, त्यात 20 चिन्हांपैकी एक चिन्ह आणि 1 ते 13 मधला एक आकडा, म्हणजे टोन. जाऊबाईंचं चिन्ह म्हणे 'निळा हात' आहे म्हणून त्यांच्यात हीलिंगची शक्ती आहे. महिना 28 दिवसांचा, त्याला ते 'चंद्र' म्हणतात, वर्षाला 13 महिने, नवीन वर्ष 26 जुलैला. इथपर्यंत ठीक होतं, पण आता बीपीची गोळी त्या दिवसाचा टोन बघून घेतात नाहीतर नाही. काही बोललं की 'हे पाच हजार वर्षांचं ज्ञान आहे, तुला काय कळणार'. खरंच इतकं जुनं आहे का हो हे? (एक वाचक, डोंबिवली)

उत्तर: आधी गोळीचं बघू, बाकी गप्पा नंतर. बीपीच्या काही गोळ्या मधेच सोडल्या की बीपी एकदम उसळी मारतं, म्हणून गोळी चालू बंद करायचा विषय फक्त डॉक्टरांचा. या आठवड्यातच त्यांना घेऊन जा, आणि ग्रुपबद्दलही डॉक्टरांना मोकळेपणाने सांगा, लपवू नका.

आता वयाचं. हे कॅलेंडर पाच हजार वर्षांचं नाही, मोबाइलच्या जमान्यातलंच म्हणा ना. होसे आर्ग्युएलेस नावाचे अमेरिकन कला-इतिहासकार होते, वडील मेक्सिकन, 2011 मध्ये वारले. ऑगस्ट 1987 मध्ये 'हार्मोनिक कन्व्हर्जन्स' म्हणून जगभर सामूहिक ध्यान झालं होतं ते यांच्याच डोक्यातून आलेलं. त्यानंतर 1990 च्या सुमारास त्यांनी आणि बायकोने 'ड्रीमस्पेल' काढलं, तेच हे जाऊबाईंचं कॅलेंडर, तेही चक्क पट आणि सोंगट्यांच्या खेळासारखं खोक्यात घालून. त्यांचं म्हणणं असं की 12 महिने आणि 60 मिनिटं हा कृत्रिम काळ माणसाला आजारी पाडतो, आणि 13 आणि 20 च्या लयीत जगलं की सगळं जागेवर येतं.

यातला 260 दिवसांचा भाग मात्र खरा माया आहे, 20 नावं गुणिले 13 आकडे. ग्वाटेमालाच्या डोंगराळ भागात, मोमोस्तेनांगोसारख्या गावांत, किचे माया लोकांमध्ये दिवस मोजणारे जाणकार आजही आहेत, आपल्या पांगाऱ्याच्या जातीतल्या झाडाच्या लाल बिया मांडून ते कौल लावतात, आणि आजारपण घेऊन लोक त्यांच्याकडे जातातही. म्हणजे कॅलेंडर आणि बरं होणं यांची सांगड तिथे जुनीच आहे, फक्त ती गणना वेगळी आणि जाऊबाईंची वेगळी. 21 डिसेंबर 2012, ते जग बुडणार बुडणार म्हणून गाजलेला दिवस आठवतोय ना, त्या दिवशी माया गणनेत होता 4 आहाव (आकडा 4, दिवसाचं नाव आहाव), आणि ड्रीमस्पेलमध्ये 12 हात. सरळ 47 दिवसांचा फरक! शिवाय ड्रीमस्पेल 29 फेब्रुवारी मोजतच नाही त्यामुळे दर चार वर्षांनी हा फरकही एका दिवसाने बदलतो. तेव्हा जाऊबाई खऱ्या माया हिशोबाने 'हात' असतीलच असं नाही. यावर टीका झाली तेव्हा आर्ग्युएलेस म्हणाले की आमचं हे 'गॅलेक्टिक माया' आहे, ग्वाटेमालातल्या मायांचं नाही. झालं, विषयच संपला.

आणि 28 दिवसांचे 13 महिने तर मायांचे नाहीतच, त्यांच्या वर्षात 20 दिवसांचे 18 महिने आणि वर पाच दिवस. 13 गुणिले 28 ची कल्पना ऑगस्ट कोंत या फ्रेंच तत्त्वज्ञाने 1849 मध्ये मांडली होती, आणि कोडॅक कंपनीने तसलंच एक कॅलेंडर 1928 ते 1989 ऑफिसच्या कामाला वापरलं, त्याने तिथल्या कुणाचं बीपी उतरल्याचं काही ऐकिवात नाही. मला सगळ्यात गंमत वाटते ती वाराची. यात आठवड्याच्या सातही दिवसांना एकेक चक्र लावून दिलंय, दाली नावाच्या वाराला सहस्रार, सेली नावाच्या वाराला मूलाधार, आणि एका दिवसाचं नाव तर चक्क काली. आपलीच चक्रं मायांच्या नावाने परत आपल्यालाच विकतायत.

जेवायला बसल्यावर हे सगळं त्यांना ऐकवू नका हं, त्या आणखी घट्ट धरून बसतील. रोज दहा मिनिटं शांत बसून डायरी लिहीत असतील तर लिहू दे, त्याने खरंच बरं वाटत असेल. फक्त गोळी सकाळच्या चहाला बांधून टाका, किनला नको.

प्रश्न: माझा जन्म 29 फेब्रुवारीचा. अशाच एका कोर्समध्ये सांगितलं की तुझ्या दिवसाला किनच नाही, तू काळाच्या बाहेरची आहेस, त्यासाठी स्पेशल सेशन घ्यावं लागेल. टेन्शन आलंय. (एक कॉलेज विद्यार्थिनी, सातारा)

उत्तर: अगं टेन्शन कसलं! बनवणाऱ्याला लीप दिवस 260 च्या चक्रात बसवता आला नाही म्हणून त्याने तो गाळला, ती त्याची अडचण, तुझी नाही. सेशनचे पैसे देऊ नकोस, दिले असशील तर परत माग.

प्रश्न: मग आपलं पंचांग तरी काय वेगळं? तेही माणसानेच बनवलेलं. (एक वाचक, इंदूर)

उत्तर: माणसानेच, पण वर आकाशात बघून. सूर्यापासून चंद्र 12 अंश पुढे गेला की एक तिथी, म्हणून ती कधी 19 तासांची कधी 26 ची, आणि सौर वर्षाशी जमवायला साधारण 32-33 महिन्यांनी अधिक महिना. ड्रीमस्पेलच्या 'चंद्रा'ला खऱ्या चंद्राशी घेणं नाही, चंद्र साडेएकोणतीस दिवस घेतो आणि हे 28 वर अडून बसलंय, त्यामुळे पौर्णिमा यांच्या महिन्यात कुठेही पडते. पण आपलं गणित बरोबर आलं म्हणून तिथी औषध होत नाही. मुहूर्त काढून सिझेरियनची वेळ डॉक्टरांकडे मागणारे आपल्याकडेही आहेत, त्यांनाही मी तेच सांगते जे डोंबिवलीच्या ताईंना सांगितलं: हा विषय फक्त डॉक्टरांचा.