गदिमांची वाट आज कुठून सुरू करायची?

ताई, नमस्कार.

मुलगा बारावी कॉमर्सला आहे, त्याला गदिमांसारखं (कवी आणि पटकथाकार ग. दि. माडगूळकर) पडद्यावर कामही करायचंय आणि पटकथाही लिहायच्यात. त्यासाठी शिक्षण सोडून मुंबई गाठू द्यावी का आणि तीन महिन्यांच्या अभिनय वर्गाला दीड लाख भरावेत का, असं तुम्ही पंचवटीहून विचारलंय.

पैसे भरू नका. 'रोल नक्की' म्हणणाऱ्या वर्गाच्या हातात रोल नसतो.

गदिमा मॅट्रिक नापास होते, हे तो ऐकवत असेलच. पण ते कोल्हापूरला हंस पिक्चर्समध्ये शिरले तेव्हा स्टुडिओ माणसं पगारावर ठेवत. 'ब्रह्मचारी'त (१९३८) छोटं काम केलं, वि. स. खांडेकरांचे लेखनिक झाले. पटकथेची बांधणी दुसऱ्याच्या मजकुरावर शिकले. त्यांनी लिहिलेला 'दो आँखें बारह हाथ' आला तो थेट १९५७ला. ती पगारी उमेदवारी आता उरलेली नाही.

म्हणून पदवी हवीच. एफटीआयआय (पुण्याची चित्रपट संस्था) आणि एनएसडी (दिल्लीचं राष्ट्रीय नाट्य विद्यालय), दोन्हीकडे मुख्य अभ्यासक्रमाला ती लागते. एनएसडीला किमान सहा नाटकांचा अनुभवही. तो नाशिकमध्येच मिळेल. हौशी राज्य नाट्य स्पर्धेच्या प्राथमिक फेरीत उतरणारी एखादी संस्था गाठा आणि पहिल्या वर्षी त्याला प्रॉम्प्टिंग, म्हणजे नट विसरला तर संहितेतून वाक्य सुचवायचं काम, मागून घेऊ द्या. (भूमिका मागणारे डझनभर असतात, प्रॉम्प्टिंग कुणालाच नको असतं.) रोजच्या तालमीत अख्खी संहिता नजरेखालून जाते आणि नटाची जीभ कुठल्या वाक्यावर अडखळते ते कळतं. प्रत्येक प्रयोगाचं प्रमाणपत्र मात्र जपून ठेवा. कॉमर्स नकोसंच झालं असेल तर पुणे विद्यापीठाच्या ललित कला केंद्रात बारावीनंतर नाट्यविषयात बी.ए. होतं.

लेखनाचा सराव घरीच होईल. आवडत्या चित्रपटाची वीस मिनिटं थांबवत थांबवत उतरवून काढायची: सीन नंबर, आत की बाहेर, जागा, दिवस की रात्र; मग दिसणारी कृती, मग संवाद. रूढ मांडणीत एक पान म्हणजे साधारण एक मिनिट. वीसची चाळीस पानं झाली, तर तो बहुधा कॅमेऱ्याला न दिसणारं लिहितोय. 'त्याला अपमान वाटला' हे चित्रित होत नाही. 'चहा तसाच ठेवून तो उठतो' हे होतं. नवखे लिहिणारे इथेच फसतात, आणि मग सगळं संवादात कोंबतात.

स्वतःची पटकथा कुणाला वाचायला देण्याआधी मुंबईच्या स्क्रीनरायटर्स असोसिएशनमध्ये सभासद होऊन तिची नोंदणी करावी. नुसत्या कल्पनेवर कॉपीराइट मिळत नाही, लिहिलेल्या तपशिलावर मिळतो. पाठवायची ती ईमेलनेच, म्हणजे तारखेचा पुरावा राहतो.