‘अदब’: आदर, साहित्य की आणखी काही?

प्रश्न असा आला आहे : मराठीत ‘अदब’ म्हणजे मान, आदर. उर्दूत ‘अदब’ म्हणजे साहित्य. मध्ययुगीन अरबी ग्रंथांवरच्या मराठी लेखात तर हाच शब्द एका ओळीत ‘शिष्टाचार’ आणि पुढच्या ओळीत ‘वाङ्मय’ असा उलथलेला दिसतो. बरोबर कोणतं?

आठव्या ते दहाव्या शतकातल्या बसरा-बगदादबद्दल वाचत असाल, तर दोन्ही अपुरे. तेव्हाचा अदब म्हणजे चार जाणत्या लोकांत बसणाऱ्याला जे यायला हवं ते सगळं : काय बोलावं, कसं बोलावं, कोणता शेर कुठे म्हणावा, दरबारात कुठे गप्प बसावं. आपल्याकडचा ‘सभाचातुर्य’ हा जुना शब्द त्याच्या बराच जवळ जातो. आणि ‘अदीब’ म्हणजे बहुश्रुत. निव्वळ लेखक नव्हे.

आधी व्युत्पत्ती, कारण तिथेच घसरायला होतं. मूळ अक्षरं हम्जा-दाल-बे. हम्जा आणि ऐन ही अरबीतली दोन वेगळी अक्षरं, पण देवनागरीत हम्जाचाही ‘अ’ होतो आणि ऐनचाही, म्हणून अदब, अक्कल, अजब, आदत हे एकाच घरातले वाटतात. पण अक्कल, अजब, आदत ऐनचे; अदब हम्जाचा. मौज अशी, की एका मतानुसार अदबही ‘सवय, रीत’ या अर्थाच्या शब्दावरूनच आला, फक्त तो शब्द ‘आदत’ नसून ‘दअब’. इटालियन अभ्यासक नल्लिनो यांनी मांडलं ते असं : ‘दअब’चं अनेकवचन ‘आदाब’ झालं आणि त्या आदाबवरून लोकांनी ‘अदब’ हे एकवचन उलट पाडून घेतलं. वाडवडिलांची चालत आलेली रीत हा मग पहिला अर्थ. याच तीन अक्षरांचं ‘मअदुबा’ म्हणजे मेजवानी, आणि इस्लामपूर्व कवी तरफाच्या ओळीत ‘आदिब’ म्हणजे जेवायला बोलावणारा. त्यामुळे काही अरबी भाषापंडित अदबचा अर्थ ‘चांगल्या गोष्टींकडे बोलावणं’ असा लावत. मला हे जुळवून आणलेलं वाटतं. पण ज्या भाषेत ‘साहित्य’ स्वयंपाकाचंही असतं आणि संमेलनाचंही, त्या भाषेनं फार हसू नये.

रीतीपासून बहुश्रुततेपर्यंत हा शब्द फुगला तो कारकुनांमुळे. सन 700 च्या आसपास उमय्या खलिफा अब्द अल-मलिकच्या कारकिर्दीत इराकचं दफ्तर फारसीतून (म्हणजे पहलवीतून) अरबीत गेलं. माणसं मात्र इराणीच राहिली. नोकरी टिकवायची तर अरबी यायलाच हवी होती, आणि अरबी आली तशी सासानी, म्हणजे इस्लामपूर्व इराणी राजघराण्याच्या, दरबाराची रीत तिच्यात उतरली. याचा ठळक नमुना इब्न अल-मुकफ्फा. मूळ नाव रोजबिह, फार्स प्रांतातला इराणी. बसऱ्यात 750 नंतरच्या दशकात ठार मारला गेला. त्यानं पहलवीतून ‘कलीला व दिम्ना’ अरबीत आणलं, म्हणजे आपलं पंचतंत्र. करटक आणि दमनक हे कोल्हे तिथे कलीला आणि दिम्ना झाले. त्याच्याच ‘अल-अदब अल-कबीर’चं भाषांतर ‘थोर साहित्य’ असं केलं की अर्थ पुरता बुडतो. पुस्तक आहे राजापुढे आणि मित्रांत कसं वागावं याचं. ‘कबीर’ म्हणजे इथे मोठं, कारण त्याच्या नावावर एक ‘सगीर’, धाकटंही आहे.

या शब्दात कोणी काय आणून टाकलं याचा हिशेबच हवा असेल तर तो खलिफा मामूनचा वजीर हसन इब्न सहल याच्या नावावर सांगितला जातो. आदाब दहा : तीन शहरजानी, म्हणजे इराणी सरदार-घराण्यांचे : ऊद (हे तंतुवाद्य) वाजवणं, शतरंज, चौगान (घोड्यावरून खेळायचा पोलो). तीन अनुशिरवानी, म्हणजे सासानी राजाच्या नावाचे : वैद्यक, भूमिती, घोडेस्वारी. तीन अरबी : काव्य, वंशावळी, जुन्या दिवसांच्या हकिकती. आणि या नवांवर मात करणारा दहावा : बैठकीत सांगायच्या गोष्टी आणि गप्पा. बारकाईनं पाहा, इराणी खात्यातली शतरंज ही ‘चतुरंग’ आहे, म्हणजे तीही आणखी पूर्वेकडून आलेली. हसन स्वतः इराणी होता आणि यादीत अरबांना दहातले तीन मिळाले, हेही नजरेआड करू नये.

कारण वाद पेटलेलाच होता. अरब-अरबेतर बरोबरीचे, किंबहुना अरबेतर सरस, असं म्हणणाऱ्यांना ‘शुऊबी’ म्हणत. कुराणात (49:13) ‘शुऊब’ म्हणजे लोकसमूह, त्यावरून. गंमत अशी की ही सगळी भांडणं चालली अरबीत. भाषण करताना अरब हातात काठी धरतात म्हणून शुऊबींनी टिंगल केली, तर बसऱ्याच्या जाहिजनं (मृत्यू 868-69) आपल्या वक्तृत्वावरच्या ग्रंथात काठीवर अख्खं प्रकरण लिहिलं. इब्न कुतैबा (मृत्यू 889) घराण्यानं इराणी, पण अरबांच्या बाजूनं लढणारा. त्याचं ‘अदब अल-कातिब’ कारकुनांच्या कच्च्या अरबीवर ताशेरे ओढून शब्दांचा नेमका अर्थ आणि शुद्धलेखन शिकवतं. तरी प्रस्तावनेत तो अजमी, म्हणजे अरबेतर, मुख्यतः इराणी लोकांचंच म्हणणं पुढे करतो : पाट काढणं, दिवसाचं वाढणं-घटणं, चंद्राच्या कला, त्रिकोण-चौकोनाची मोजणी, पूल, रहाट आणि हिशेबातले बारकावे ज्याला ठाऊक नाहीत तो कारकून अर्धवट. हे ‘साहित्य’ कसं म्हणायचं?

भाषांतर करताना मग शेजारचा शब्द बघावा. ‘अदब अल-कातिब’ला ‘कारकुनाची विद्या’. ‘अदब अल-काजी’ला ‘काजीच्या कामाची रीत’. ‘मुअद्दिब’ म्हणजे राजपुत्रांचा शिक्षक. ‘तादीब’ म्हणजे वळण लावणं, त्यात छडीही आली. ग्रंथप्रकार म्हणून शब्द आला, तर सरळ ‘अदब’ ठेवून एकदा खुलासा करावा. ‘आदाब’ हे त्याचंच अनेकवचन आहे, वेगळा शब्द नाही. ‘साहित्य’ एवढाच आजचा सुटसुटीत अर्थ मुख्यतः एकोणिसाव्या शतकात, युरोपीय कल्पना समोर ठेवून पक्का झाला. उर्दू मासिकांवर दिसतो तो हा.

मराठीला शब्द मिळाला दक्षिणेतल्या सुलतानांच्या दरबारी फारसीतून, त्यामुळे हात बांधून उभं राहण्यापुरताच अर्थ पदरात पडला : अदब राखणे, अदबीनं बोलणे, बेअदबी. फारसीनं तर आणखी पुढची मजल मारली. तिथे ‘अदबखाना’ म्हणजे शाळाही आणि शौचकूपही.